खुंट

हॅलिफॅक्सला टेकडीच्या रस्त्यावर
बुटक्या दगडी भिंतींच्या माथ्यावर
अजून दिसतात लोखंडाचे खुंट,
वीत-वीत अंतरावर,
शिशात रुतलेले, गंजून तांबडे.
पोरं त्यांवरून काठी ओढत जातात.
पूर्वीसारखा आवाज येत नाही.

ती मोजणी माझी.
बेचाळीस साली, पालिकेच्या वहीत:
फूट, इंच, मालकाचं नाव.
शाळेचं कुंपण, चर्चचं,
आणि गिरणीवाल्या थॉर्नबरांचं,
टोकांना भाले, भाल्यांना सोनेरी मुलामा.
कापताना ठिणग्या उडाल्या
तेव्हा थॉर्नबर दारात उभे होते
हॅट हातात धरून,
जशी कुणाची तिरडी निघावी.
भरपाईचं त्यांनी विचारलं नाही.
बायकोनं विचारलं.

याची विमानं होतील, मी घरोघर सांगितलं.
पुढे कानावर आलं,
निम्मं लोखंड म्हणे समुद्रात लोटलं.
मी खातरजमा केली नाही.
कारकुनाला एवढी मुभा असावी.

कुंपण गेलं आणि रस्त्यावरून
पहिल्यांदाच दिसली थॉर्नबरांची बाग.
गुलाबांच्या जागी कोबी.
झिला हॉल्डस्वर्थ त्या घरात बारा वर्षं
शेगड्यांची राख काढत होती,
येणं-जाणं मागच्या दारानं.
ती त्या साली कारखान्यात क्रेनवर चढली,
चाळीस फूट वर,
खाली लालबुंद पोलाद.
मला म्हणाली, वरून पाहिलं ना
की साहेबाचं टक्कल आणि हमालाचं टक्कल
अगदी सारखंच चकाकतं.

मग युद्ध संपलं.
क्रेन परत आलेल्या माणसाला मिळाली,
झिलाला आभाराचं छापील पत्र.
थॉर्नबरबाईंचा निरोप आला: जागा रिकामी आहे.
झिलानं उत्तर धाडलं नाही.
बासष्टाव्या वर्षी थॉर्नबर
शेगडी पेटवायला शिकले.

पंचेचाळीसच्या जुलैत
मतांच्या पेट्या तीन आठवडे कुलपात होत्या,
पोरांची मतं समुद्रापलीकडून यायची होती.
मोजायला मीच.
एका मतपत्रिकेच्या घडीतून
टेबलावर चिमूटभर वाळू सांडली.
कुठली, कोण जाणे.
एका बाजूचा गठ्ठा वाढतच गेला.
वरिष्ठ म्हणाले, पुन्हा मोजा.
पुन्हा मोजला.
तेवढाच.

टेबल मात्र तेच राहिलं.
त्यावर आधी कुंपणं, मग रेशनची पुस्तकं,
मग विम्याची कार्डं, एकाच शाईच्या डागाशेजारी.
जिंकलो, आणि पाव मोजून मिळू लागला;
बॉम्ब पडत असताना तो मोजला नव्हता कुणी.
फुलांच्या बशा जहाजानं डॉलर आणायला गेल्या,
आम्ही पांढऱ्याफटक बशीत
पांढराफटक मासा खाल्ला.
भिंतीवरच्या नकाशातला गुलाबी रंग विटत चालला.
उन्हानं असेल, शिपाई म्हणाला.
हॅलिफॅक्सला ऊन?

अठ्ठेचाळीसच्या शरदात झिला खिडकीशी आली,
आईच्या चष्म्याचा कागद घेऊन.
म्हातारी आयुष्यभर दुकानातल्या ढिगातून
त्यातल्या त्यात बरा चष्मा उचलायची.
आता डॉक्टरांनी डोळे तपासले, पैसे नाहीत.
नवा चष्मा लावून म्हातारी घरी गेली,
चारी भिंती न्याहाळल्या
आणि झिलावर कडाडली:
इतकी वर्षं या घाणीत ठेवलंस मला?

हे सांगताना झिला हसत होती.
मग हसता हसता गप्प झाली.
तिचा भाऊ टोब्रुकला गेला होता.
त्याचं कार्ड माझ्याच कपाटात,
रद्दचा शिक्का मीच मारला होता.
आम्ही दोघंही त्यावर काही बोललो नाही.
रांग बरीच मोठी होती.

थॉर्नबरांच्या घरात आता दंतवैद्य बसतो.
पुढच्याच दारानं आत जातात सगळे,
गाल धरून.

परवा कोपऱ्यावरच्या घराला
नवं कुंपण बसलं, काळं, चकचकीत.
मी थांबलो. सवयीनं पावलांनी मोजलं.
अठरा फूट, वर काही इंच.
खिशात पेन्सिल होती,
वही नव्हती.