निळी पेन्सिल

आमच्या व्हिक्टोरियात मत देणं म्हणजे खोडणं.
हवा असेल त्याच्यासमोर खूण करायची नसते,
नकोत ती नावं काट मारून उडवायची.
उरेल तो तुमचा.
मला, सायलस ट्रेगिअरला, ही रीत अंगवळणी आहे.
अठरा वर्षं कोरिंगाच्या पुलावर
याद्या खोडत बसलोय.

पुलाच्या पलीकडे न्यू साउथ वेल्स.
तिकडे बूट स्वस्त.
माणसं जाताना जुने बूट घालून जातात,
येताना नवे, मुद्दाम चिखलात लोळवलेले.
मी तोंडाकडे बघत नाही कुणाच्या.
पाय बघतो, पावती फाडतो.
गावात माझं एवढंच नाव.

नोव्हेंबरची पहिली तारीख. वर डोंगरात बर्फ वितळलेलं,
मरे नदी गढूळ, तुडुंब,
काठचे लाल गम कमरेपर्यंत पाण्यात उभे.
मतदान शाळेत. फळ्यावर कालची वजाबाकी तशीच,
हातचा घ्यायला कुणीतरी पोरगं विसरलेलं.

तिघे उभे होते.
लोकरवाला हॉर्सफॉल, त्याला पूल रुंद हवा.
क्वेल, म्हाताऱ्यांना पेन्शन देतो म्हणणारा,
आणि पर्डी, लिलाव पुकारणारा, 
भाषणातही शेवटचं वाक्य तीनदा म्हणायचा.
बाकी कशावर एकमत नाही, पण गाडीवर चढून
तिघांनीही तेच सांगितलं:
नवं वर्ष, नवा देश, सहा वसाहतींचा एक संसार,
आणि हा नाका जाणार!
कधी, ते कुणी बोललं नाही.
लोकांनी टोप्या उडवल्या.
मीही उडवली.
माझी सरकारी होती, जरा जपून झेलली.

हनोरा शाळेच्या कुंपणाशी चहा विकत होती.
आत जायची मुभा तिला नाही.
म्हणाली, नदी अशीच खाली वाहत गेली
की साउथ ऑस्ट्रेलिया लागतं,
तिथं बायका मत देतात.
पाणी तर तेच आहे ना रे?
मी कप धुतले.

लम याट भाजीवाला आला, धुतलेला कोट घालून.
अठ्ठ्याहत्तर सालचा कागद, राणीचा प्रजाजन झाल्याचा,
घडीवर घडी.
कारकुनानं तो उलटा केला, सुलटा केला, उजेडात धरला.
वीस वर्षं याच माणसाचा कोबी खातोय तो.
मत देऊन लम याट माझ्यापाशी थांबला,
बहुधा टोपी पाहून.
नव्या देशात चालेल का हा कागद?
चालेल, म्हणालो.
न तपासता पुढे सोडलेली
ती माझी पहिली गोष्ट.

मग माझी पाळी.
आडोशाला तीन नावं, आणि दोऱ्यानं बांधलेली एक बोथट पेन्सिल.
खिशात माझी होती, निळी, रोजची.
पर्डीला खोडलं.
क्वेलला खोडताना हात अडखळला, माझे गुडघे दुखतात हल्ली.
पण खोडलं.
मग हाताला सवयच लागलेली.

रात्री कंदिलाखाली मोजणी.
हॉर्सफॉल एकोणीस मतांनी आला.
बाद चिठ्ठ्या चार. पैकी एक कारकुनानं वर धरली:
तिन्ही नावांवर रेघ, पट्टी लावल्यासारखी सरळ,
निळी.
कुणी हसलं नाही.
सगळ्यांनी आपापल्या बुटांकडे पाहिलं.

घरी जाताना पुलावर थांबलो.
आडवा बांबू खाली होता, कंदील मी लावलाच नव्हता.
पलीकडून एक पोरगा आला, शिटी वाजवत,
मला पाहून शिटी थांबली.
बूट करकरीत, वादीला दुकानाची दोरी अजून.
लागले का रे, विचारलं.
टाचेला लागतायत, म्हणाला.
वही काढली, तारीख घातली,
आणि पेन्सिलीला टोक करायला
चाकू शोधत राहिलो.