दुखणाईत

तीन वर्षं मामंजी दुखणाईत होते.
मेले, असं आमच्यात इतक्यात म्हणत नाहीत.
रेडा पडेपर्यंत माणूस आजारी असतो.

मागच्या खोलीत,
फॉर्मालिनच्या आणि लवंगी सिगारेटच्या वासात,
लाल चादर गळ्यापर्यंत ओढून.
सकाळी मी दार वाजवायची
(न वाजवता शिरलेलं त्यांना कधी खपलं नाही)
आणि कॉफीचा पेला उशाशी ठेवायची.
‘गरम आहे’, सांगायची. सांगावं लागतं.

हिंडत-फिरत होते तेव्हा
माझ्या कॉफीला एकदाही बरी म्हणाले नाहीत.
आता मीच बोलायची:
वरच्या खाचरातल्या पाण्याचं भांडण,
तिमिकाच्या खाणीतून दीर पाठवणार होता ते पैसे,
आणि एकदा, घरात कुणीच नव्हतं तेव्हा,
आमच्या पहिल्या मुलीचं.
दातही आले नव्हते तिला.
पाद्रीबाबांनी दाखवली तिथं पुरलं.
पूर्वी ठेवायचे तशी झाडाच्या पोटात ठेवू,
चीक पीत वाढेल झाडाबरोबर,
असं तुम्ही एकटेच म्हणाला होतात.
मी तेव्हा गप्प बसले, मामंजी.

मग पैसे जमले.
बारा रेडे; त्यातला एक कबरा, निळ्या डोळ्यांचा,
मोटारीच्या किमतीचा.
पुयाची वाट त्यांच्याच पाठीवरून जाते.
पाहुण्यांनी डुकरं आणली, बांबूला उलटी बांधून,
आणि तांदिरेरुंग वही घेऊन बसला.
वहीत लिहिलेलं डुक्कर मरत नाही,
नातवंडांच्या दारापर्यंत चालत जातं.

पोंग लेम्बा फणसाच्या लाकडातून त्यांना कोरत होता.
‘तोंड कसं होतं?’
नवरा म्हणाला, हसरं.
फोनवरून दीर म्हणाला, करारी.
पोंग लेम्बाने माझ्याकडे पाहिलं.
‘कडू घोट घेतलाय,’ मी म्हटलं,
‘आणि बोलावं की गिळावं, ते ठरत नाहीये.’
त्याने पटाशी उचलली.

करंगळीत करंगळी अडकवून माणसं रिंगणात गात होती.
पहिला रेडा गुडघ्यांवर आला
आणि मामंजी मेले.
बाराला पाच कमी होते.
मी घड्याळ पाहिलं,
कुणीतरी पाहायला हवं होतं.

कड्यावरच्या सज्जात ते उभे आहेत,
एक तळवा पुढे.
खालून जाताना मी वर बघते.
अजून ठरलेलं नाही.