मानीव दिनांक

निकालाच्या सातव्या पानावर माझे वडील
प्रथम लिपिक झाले.
दिनांक चौदा जून, दोन हजार दोनपासून.
प्रत्यक्षात नाही, मानीव.
म्हणजे तसं झालं होतं, असं मानायचं.

मानायला आमची काही हरकत नव्हती.
त्या जूनमध्ये मी नववीत होते.
चुलतभावाची दांडीची सायकल
मी लेडीज सायकल मानली.
आईच्या पाटल्या पतसंस्थेत गेल्याच नाहीत, असं मानलं.
आईनं हात पुढं करून बघितले.
म्हणाली, "मनगटालाबी एक प्रत पाठवा म्हणावं
तुमच्या कोर्टाला."

भूपाल आप्पा मगदूम,
वरिष्ठ लिपिक, पाटबंधारे.
ज्येष्ठता यादीत अकरावे.
बाराव्याला मिळाली, तेराव्यानं पेढे वाटले,
अकराव्याचे दोन गोपनीय अहवाल सापडेनात.
साहेब म्हणाले, बघू.
पुढचे साहेब म्हणाले, बघतो.
त्यांच्या पुढचे म्हणाले,
आता काय बघायचं मगदूम,
मार्चमध्ये तुमचा नारळच.

अहवाल सापडले.
महापूर ओसरल्यावर, लोखंडी कपाट सरकवताना,
गाळात, एकमेकांना चिकटून.
सही शाबूत होती.
शेरा वाहून गेला होता.

तीस पावसाळे बाबांनी
राधानगरीचे दरवाजे वहीत टिपले.
रात्री दोनला तिसरा उघडला, पहाटे सहावा,
दुपारी तिसरा बंद.
ते दरवाजे आपोआप उघडतात.
पाणी भरलं की झालं.
टिपणी नको, मंजुरी नको,
कुणी रजेवर आहे म्हणून थांबणं नाही.
बाबा फोन ठेवून एवढंच म्हणायचे,
"शहाणी दारं हाईत."

आणि तारखा.
रात्रीची महालक्ष्मी, डब्यात भाकरी न् शेंगदाण्याची चटणी,
सकाळी वकीलबाईंच्या मागं जिने,
दुपारी "पुढची तारीख",
रात्रीची महालक्ष्मी.
आधी मॅट, मग हायकोर्ट.
शेवटची सुनावणी तेवढी कोल्हापुरात, सीपीआरसमोर.
बाबा त्या दिवशी चालत गेले
आणि उगीचच एक तास आधी पोचले,
गाडी चुकेल अशा घाईनं.

थकबाकी नाही. कारण, निकाल म्हणतो,
अर्जदारानं त्या पदावर काम केलेलं नाही.
बाबांनी ते वाक्य दोनदा वाचलं.
"करू दिलं न्हाई," म्हणाले,
पण पानाला म्हणाले, हळू,
जसं कुणी झोपलेलं असावं.
पेन्शनमधला फरक मिळेल.
महिन्याला एक हजार नऊशे चाळीस.

नोंद करायला आम्ही ताराबाई पार्कात गेलो.
टेबलावर रेश्मा नायकवडी, वय तिशीचं असेल.
तिनं सेवापुस्तक उघडलं,
पानांना अजून पुराचा वास.
सुबक अक्षरात लिहिलं, शिक्का मारला, फुंकर घातली.
मग इकडंतिकडं बघून
खणातून एक कागद काढला.
"काका, माझीबी फाईल चार वर्षं वर हाय.
जरा मसुदा बघता?"

बाबांनी चष्मा पुसला.
खुर्ची ओढली, तिच्याच बाजूला.
लाल पेन मागितलं.
'कृपया' खोडलं.
'नियमानुसार' लिहिलं.
'मी आपली आभारी राहीन' यावर
पेन जरा थांबलं, मग आडवी रेघ.
"संदर्भात बिंदुनामावली लाव.
न् पोच घेतल्याबिगर उठू नको.
मी उठत हुतो."

शेवटी समासात, सवयीनं का कशानं,
बारीक आद्याक्षरं केली: भू. आ. म.
आणि त्याखाली, प्र. लि.
लगेच जीभ चावली.
"खाडाखोड झाली गं, दुसरा कागद घे."
तिनं कागद फिरवून वाचला,
"राहू दे," म्हणाली.
शिपाई चहा ठेवून गेला, तीन कप,
कुणी सांगितला ते समजलं नाही.

केएमटीत बाबा खिडकीशी गप्प बसले.
दसरा चौक गेला.
मग एकदम दचकून माझ्याकडं वळले:
"संदर्भ क्रमांक तीनची तारीख चुकली हुती तिची.
सांगितलं का मी?"