उशिराचा ठोका

वेंगुर्ल्याच्या बंदरामागे
एका बंद काजू-कारखान्यात
आम्ही चौघं वाजवायचो.
टरफलांच्या तेलाचा वास
गिटारच्या पोटात शिरला, तो अजून आहे.
अंधेरीतल्या काचेच्या खोलीत
केस उघडली की रेकॉर्डिंगवाला नाक मुरडतो.
मी म्हणतो, लाकूडच तसलं आहे.

बॅण्डचं नाव 'खाजण'.
कुडाळच्या छापखान्याने 'खजाना' छापलं
आणि पहिल्या कार्यक्रमाला तीनशे माणसं
भलत्याच आशेने आली.

ड्रमवर इनास. तिसरा ठोका
केसभर उशिरा, दर वेळी.
होडी धक्क्याला लागताना
पाय उचलावा की थांबावं,
तेवढा उशीर.
त्यावरून भांडणं झाली.
नझीर एकदा की-बोर्डची वायर उपटून घरी गेला.
वर्गणी काढून मेट्रोनोम आणला,
तो खाऱ्या हवेत गंजला.
इनास तसाच.

मग मी एकटा झालो.
कुणी कुणाला सोडलं असं नाही.
नझीर दोह्याला,
कस्तुरी ओरोसच्या कचेरीत चिकटली,
इनासकडे बापाचा ट्रॉलर आला, कर्जासकट.
पुढच्या पोस्टरवर माझं एकट्याचंच नाव होतं
आणि खरं सांगायचं तर
मला ते आवडलं.
अक्षरांचं वळणही मीच निवडलं होतं.

आता पिक्चरचं काम.
दिग्दर्शक म्हणतो, समुद्र हवा, पण कमी.
म्हणतो, इथे दुःख आहे, ते वाजता कामा नये.
अकरा सेकंद:
बाई दाराला कुलूप लावते,
किल्ली शेजारी देते.
पूर्वी लोकांनी माझ्याकडे बघावं म्हणून वाजवायचो,
आता कुणाचं लक्ष जाऊ नये
याचे पैसे मिळतात.

नऊ रात्री गेल्या.
दहाव्या रात्री क्लिक बंद केला
आणि एक ठोका
माउसने मागे सरकवला.
चाळीस मिलिसेकंद.
बाईच्या हातातली किल्ली
एकदम जड झाली.

इनासने सावंतवाडीला जाऊन पाहिला.
धक्क्यावर भेटला तेव्हा
जाळ्याला गाठी मारत होता.
"बघलंय," म्हणाला. "बरो आसा.
त्या बायलेन कुलूप लावल्यान थंय मात्र
तुझो ठोको चुकलो."
मी म्हटलं, हो. चुकला.
त्याने गाठ ओढून पाहिली.
पैसे किती मिळाले, विचारलं.
मी आकडा अर्धा करून सांगितला,
तोही त्याला फार वाटला.

निघताना बांगडे दिले, पिशवीत बर्फ घालून.
"अंधेरीपर्यंत टिकतले."
कणकवली सुटल्यावर बर्फ वितळू लागला.
गिटार मांडीवर, पिशवी पायांशी.
थेंब पडत होते.
मी मोजले नाहीत.