कशाबद्दल

मोटरची केबल चोरली एकानं.
इंदल त्याचं नाव, पोलीस पाटलाला ठाऊक होतं.
तरी त्या रात्री जळला तो अख्खा बेडा :
सतरा झोपड्या, एक गाभण शेळी,
आणि सुरमीची लग्नातली पेटी,
जिचं कुलूप तेवढं उरलं.

'सारे सारखेच हायेत थे,' म्हणालो आपण.
आपण म्हणजे कोण,
ते तेव्हा कोणी विचारलं नाही.

मग जमादार आला, दारोदार फिरला.
भोयर गुरुजी त्या रात्री वणीला होते.
काळबांड्यांची पोरं जागलीवर, तुरीच्या गंजीपाशी.
निचतांकडे पाहुणे.
दीड हजार वस्तीचं गाव,
आणि त्या रात्री गावात कोणीच नव्हतं.
कागदावर लिहिलं गेलं : अज्ञात जमाव.

मी पंचायतीचा शिपाई.
मी फक्त भोंगा लावला.
'चला' एवढंच बोललो त्यात, दोनदा.
दुसऱ्यांदा जरा मोठ्यानं.

आता वकिलासाठी पट्टी बसली आहे, घरटी दोनशे.
पावतीपुस्तक माझ्याकडे.
देतात सगळे मुकाट,
पाणीपट्टी थकवणारेसुद्धा.
जे खरंच नव्हते, तेही देतात.
जाळपोळीनंतर लग्न होऊन आलेली निचतांची सून
पदराची गाठ सोडते, काही विचारत नाही.
मी नाव लिहितो, रक्कम लिहितो,
'कशाबद्दल' हा रकाना सोडून देतो.
सरपंच म्हणाले, राहू दे कोराच.

काल अनसूयाबाई लांजेवार आल्या,
भिंतीला हात लावत लावत.
'लिव,' म्हणाल्या.
काय लिहू, काकू?
'सुरमीनं कडी वाजवली होती. लेकरू होतं काखेत.
म्या आतून अडसर लावला. थे लिव.'
एवढ्याशा रकान्यात कसं बसेल, म्हटलं.
'मंग बारीक लिव.
अन् हे पैसे वकिलाले नोको देऊ.'

मग कोणाला द्यायचे, ते सांगितलं नाही त्यांनी.
बेडा कुठं उठून गेला, तेही कोणाला माहीत नाही.
कोणी म्हणतं पुसदकडे, कोणी म्हणतं नदीपार.
दोनशे रुपये वेगळे ठेवले आहेत,
वरच्या खिशात, दिवसभर टोचतात.

लिहिलं मी. बारीक, पण सगळं.
खाली कार्बन होता, प्रतीवर उमटलं.
पेन जरा जास्तच दाबलं गेलं असावं;
त्याच्याही खालच्या कोऱ्या पावतीवर
वळ आहेत अक्षरांचे.
दिसत नाहीत,
बोट फिरवलं की लागतात.

ती पावती माझ्या घरची आहे.