सीमा-अटी

विद्यापीठातून निघाले तेव्हा वहीत
एक द्रव होता, निश्चल.
खालून तापलेला, वर थंड,
मध्ये तापमान पट्टीनं आखल्यासारखं उतरत गेलेलं.
कुठंच काही हलत नाही
आणि समीकरणांची तक्रार नाही.

हेर्लेकर मॅडम म्हणतात, उत्तर असणं वेगळं
आणि उत्तर टिकणं वेगळं.
म्हणून त्याला एक धक्का द्यायचा, लहान,
इतका लहान की त्याचा वर्ग बिनदिक्कत खोडता यावा.
मग बघत बसायचं :
विरतो, की वाढतो.
तीन वर्षं मी हेच करते आहे.
घरी विचारतात, म्हणजे नेमकं काय गं?
धक्के देते, म्हणते मी.

पंचगंगेचा पूल ओलांडून वडणग्याला आले.
गुऱ्हाळावर आण्णाप्पा गुळव्या काहिलीवर वाकलेला,
खाली चुलवाणात बाबालाल चिपाडं सारतोय.
म्हटलं, तुमच्या रसाच्या हलण्याचं गणित करते मी.
आण्णाप्पा हसला नाही.
"कर की. निस्ता हात लावू नगोस."

रस गुडघाभर खोल.
मनातल्या मनात उंचीचा घन केला, जाळ धरला,
रसाचा चिकटपणा अंदाजानं घातला.
सतराशे आठ हा माझा उंबरठा
पहिली पेंढी जळायच्या आत
कधीच ओलांडून गेला होता रस.
म्हणजे इथं माझं काम संपलं होतं
आणि त्याचं अजून सुरू व्हायचं होतं.

माझा सिद्धांत सांगतो, वाढेल.
कुठवर? कोणत्या आकारात? मग पुढं?
तिथं तो चष्मा पुसायला लागतो.

भेंडीचं पाणी पडलं, मळी वर आली.
जिथं रस उसळतो तिथं ती फाटत होती,
जिथं बुडी मारतो तिथं गोळा होत होती,
आणि झारा नेमका तिथंच जात होता.
"कसं कळतं तुम्हाला?"
"त्येला खाली जायचं असतंय. जायच्या आधी उचलायचं."

आदण उतरेपर्यंत चहा आला, कोरा, गुळाचा.
बशीत ओतला.
वाफेचा पांढुरका पापुद्रा त्यावर,
आणि त्याला मध्येच काळ्या चिरा,
शेताच्या बांधांसारख्या,
जुळणाऱ्या, मोडणाऱ्या, परत जुळणाऱ्या.
फुंकर घालायची राहूनच गेली.

तळ बशीनं धरलेला, वरची बाजू मोकळी :
अशा थराला अकराशे एक.
दोन्ही बाजू धरून ठेवल्या तर सतराशे आठ.
दोन्ही सोडल्या तर साडेसहाशेच्या जरा पुढं.
जितकं धराल तितकं उशिरा हलतं.
पण हलतंच.
(ही ओळ प्रबंधात चालणार नाही.)

स्थैर्यांची अदलाबदल म्हणतो आम्ही तिला.
अदलाबदलीच्या क्षणी दर बरोबर शून्य,
धक्का वाढत नाही, विरत नाही, नुसता असतो.
त्यानंतर स्थिर राहायचं म्हणजे
फिरत राहायचं.
हे मी फळ्यावर पन्नासदा लिहिलंय.
चहा पिताना पहिल्यांदा ऐकू आलं.

"वढा!"
आण्णाप्पानं पाण्यात टाकलेली गोळी
बोटांत वळली होती, टणक.
बाबालालनं जाळ मागं घेतला,
चौघांनी काहील वाफ्याकडं कलती केली.
सकाळचं आदण एवढ्याशा उशिरानं करपलेलं,
त्याची काळपट ढेप कोपऱ्यात होती,
कुणी तिच्याकडं बघत नव्हतं.
आकडा विचारला असता
तर त्यानं कुठला सांगितला असता?
मी विचारला नाही. शेवटची बस होती.

रात्री वही उघडली.
सिग्मा बरोबर शून्य, या ओळीवर
गुळाचा चिकट ठिपका,
आणि एक मुंगी बरोबरच्या चिन्हावरून
डावीकडून उजवीकडं निघालेली.
फुंकर मारली नाही.
ती कुठं जाते
तेवढं बघायचं ठरवलं.