पासिंग

सिनेमात प्रेमं पाच होती.
एक उपवनच्या काठावरचं,
एक घोडबंदरला, चौतिसाव्या मजल्यावर,
एक घटस्फोटाच्या कागदावर सही राहून गेलेलं,
एक कॉलेजातलं, वडापावच्या पैशांवरून भांडणारं,
आणि एक म्हातारं, ज्याला दिग्दर्शक सारखा ‘गोड’ म्हणायचा.
सगळी एकमेकांत कुठेतरी अडकलेली.
हिचा नवरा तिचा डॉक्टर,
त्याची बहीण ह्याच्या चुकलेल्या रिक्षात.
मला नीट कळलं नाही. आम्हांला गोष्ट सांगत नाहीत.
आम्हांला सांगतात, पासिंग द्या.

पासिंग म्हणजे हिरोच्या मागून चालत जायचं.
कॅमेऱ्यात बघायचं नाही, घाई करायची नाही,
शहर चालू आहे असं वाटलं पाहिजे.
दिवसाचे अकराशे, त्यातले दोनशे कोऑर्डिनेटरचे,
नाश्त्याला उपमा, तोही गार.

जोड्या लावल्या उंचीवरून.
“कुंदाताई, तुम्ही ह्यांच्याबरोबर.”
हे म्हणजे चेंदणी कोळीवाड्यातले हरेश्वर तांडेल,
रिटायर्ड बस कंडक्टर,
सुट्टे मोजायची सवय अजून अंगठ्यात.
मला ते ‘बाई’ म्हणायचे. मी त्यांना काहीच नाही.

“बोला एकमेकांशी, पण आवाज नको. ओठ हलवा.”
पहिल्या दिवशी मी किराणा म्हटला,
तूरडाळ, रवा, धुण्याचा साबण.
ते मासे म्हणत होते: बोंबील, मांदेली, करली.
ओठांवरून ओळखलं मी.
चहाच्या वेळी विचारलं, करली महाग झाली का हो?
इतके हसले की टोपी काढावी लागली.

तेच जोडपं सगळीकडे दिसायला नको,
म्हणून कपडे बदलायचे.
उपवनला अबोली साडी, घोडबंदरला पंजाबी ड्रेस,
राम मारुती रोडवर उघडी छत्री, ऊन असताना.
त्यांना कधी चष्मा, कधी पिशवी,
एकदा तर भाड्याचं कुत्रं.
असे सत्तावीस दिवसांत आम्ही दोघं पाच जोडपी झालो.
एकात भांडलोसुद्धा, असिस्टंटने सांगितलं म्हणून.
गेलेल्या नवऱ्याला बोलायचं राहिलं होतं ते सगळं
मी त्या भांडणात बोलून घेतलं, मुक्यानेच.
तांडेल मान हलवत शेजारून चालत राहिले.
“छान,” असिस्टंट म्हणाला, “पण जरा कमी.”

शेवटचा शॉट तलावपाळीला, दिवे लागताना.
पुढे हिरोइन सहाव्यांदा रडत होती,
मागे मासुंद्यात हंसाच्या बोटी.
पुन्हा अबोली साडी; कोणाच्या लक्षात आलं नाही.
आम्ही कठड्याजवळून निघालो.
मी पोहे, हिंग, बटाटे म्हणत होते,
आणि तांडेलांनी माझ्याकडे बघून
एकच शब्द म्हटला.
आवाज नव्हताच. असता तर शॉट वाया गेला असता.
कट.

सिनेमा लागला, मुलीबरोबर गेले.
एक सोडून सगळी प्रेमं जुळली, लोकांनी रुमाल काढले.
मी मागचंच बघत होते.
शेवटच्या शॉटमध्ये मी एक अबोली डाग,
तांडेल हिरोइनच्या कानामागून अर्धे, तेही धूसर.
“आई, तू कुठेयस?”
“गेले बघ.”

फोन केला. त्या दिवशी तलावपाळीला काय म्हणालात हो?
पलीकडे कुकरची शिट्टी.
“बोंबील म्हटलं असेल, बाई.”

बोंबील म्हणताना ओठ दोनदा मिटतात.
आरशासमोर करून पाहिलं.
त्या दिवशी ते मिटले नव्हते.
जरासे गोल झाले,
आणि मग उघडेच राहिले.